प्रेमाचा जॉबर

नवरीचा मामा रागानं उठला, भर उन्हात आपल्या जीपमध्ये जाऊन बसला आणि त्यानं आतून काच वर केली. इकडे स्टेजवर अंतरपाट धरून उभ्या असलेल्या दोघांचे हात भरून आले होते. भटजी सारखे घड्याळ बघत होते. 'नवरीच्या मामांनी नवरीला घेऊन यावं' असं सांगून सांगून माइकवरचा माणूस गप्प झाला होता. माझी नात कोमल शालू नेसून, मुंडावळ्या बांधून आतल्या खोलीत बसून होती. आमच्यात मामाशिवाय नवरी मांडवात येत नाही. दुसरा मामा असता तर त्याला उभा केला असता, पण तिला मामा एकच, करकंबचा, आणि तो तर म्हणत होता, "हे लगीन व्हायचं न्हाय."

ह्या सगळ्याला कारण एकच माणूस, माझा धाकटा दीर. प्रेमातलं त्यांच्याइतकं कळणारा माणूस अख्ख्या सोलापुरात दुसरा नाही, आणि त्यांच्यावर प्रेम केलेली बाई अख्ख्या जिल्ह्यात शोधून सापडणार नाही.

मी त्यांना भावजी म्हणते. भावजी आयुष्यभर अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत, टॉवेलच्या कारखान्यात जॉबर होते. जॉबर म्हणजे मागांचा डॉक्टर म्हणा. धागा सारखा तुटायला लागला, माग अडखळायला लागला की विणणारा हात वर करतो आणि जॉबर पाना घेऊन धावतो. मागांच्या खडखडाटात तिथं कुणाचं कुणाला ऐकू येत नाही. त्यापायी भावजींचा डावा कान गेला आणि आवाज चढला तो चढलाच. हळू बोलणं त्यांना जमत नाही. बाकीचे जॉबर कामावरून सुटले की पारावर पत्ते खेळत बसतात. ह्यांनी म्हातारपणी प्रेमाच्या गोष्टी रचायला घेतल्या. प्रेमाचं बोलणं कानात सांगितल्यासारखं पाहिजे, आणि हे रचणार कारखान्यात ओरडल्यासारखं! एकदा चहाच्या गाड्यावर उभे राहून नव्या गोष्टीतलं वाक्य घोळवत होते. "तुझ्याबगर मला घास जात न्हाय!" असं एवढ्या मोठ्यानं म्हणाले की समोर भाजी घेणाऱ्या बाईनं पिशवी खाली ठेवली आणि चप्पल हातात घेतली. भावजी तिला म्हणाले, "बाई, तुमाला न्हाय, दुसरीला म्हणलो." त्यावर तिच्याबरोबरच्या दुसरीनंही चप्पल काढली.

लग्न त्यांचं झालं नाही. का झालं नाही, तेही ऐकण्यासारखं आहे. तरुणपणी त्यांच्यासाठी मुलगी बघायला निघालो की सासूबाई पुढं, मी मागं आणि मधे हे, नवा सदरा घालून. पहिल्याच ठिकाणी मुलगी पोह्यांची बशी घेऊन आली, तर नाव-गाव विचारायचं सोडून ह्यांनी थेट विचारलं, "तुमच्या मनात दुसरं कोन हाय का?" मुलीच्या हातातली बशी हलली. झालं! बाहेर आल्यावर मला म्हणतात, "वहिनी, बशी बघिटलाव का? हिचं मन दुसरीकडं हाय." तिथं थांबले असते तरी चाललं असतं. हे तिच्या बापाला समजावून, त्या दुसऱ्या मुलाचं घर हुडकून, दोघांचं लग्न जमवून, वर त्या लग्नात बुंदी वाढून आले. सासूबाई आठवडाभर त्यांच्याशी बोलल्या नाहीत. पुढच्या मुलीची तीच गत. तिसऱ्या वेळी सासूबाईंनी बजावलं, "तोंड उघडलास तर बघ." ह्यांनी तोंड उघडलं नाही, आणि मुलीकडच्यांनी मुलगा मुका आहे म्हणून नारळ दिला. पुढं पुढं रातपाळीच्या माणसाला मुलगी कोण देणार म्हणून स्थळं यायचीच बंद झाली, आणि भावजी एकटे राहिले ते राहिलेच. जेवायला तेवढे आमच्याकडं.

जेवायची वेळ आणि टीव्हीवरच्या मालिकेची वेळ एकच. मालिका ते कधी बसून बघत नाहीत. बिघडलेल्या मागापुढं उभं राहावं तसे कमरेवर हात ठेवून टीव्हीपुढं उभे राहतात. मागच्यांना काही दिसत नाही, आणि पुढं चाललेलं काही ऐकूही येत नाही, कारण हे ओरडत असतात. एकदा मालिकेतली सासू सुनेच्या दुधात विष कालवत होती. भावजी खवळले. "काय करायलीस? कशाला कालवायलीस? वहिनी, ह्यांना प्रेमाची गोष्ट करता येत न्हाय, म्हणून ईख आणत्यात. सासू वाईट असली तर अडचण कसली? हात धरायचा, पळून जायचं, संपलं! सासू चांगली असली की खरी पंचाईत. तिला कसं दुखवायचं? आई चांगली, बाप चांगला, पोरगा चांगला, पोरगी चांगली, आणि तरी जमत न्हाय. अशी गोष्ट घाला की! माणूस ताटावरनं उठणार न्हाय."

मी म्हटलं, "तुमी ताटावर बसा तर आधी. भाकरी वाळली."

हे सगळं घरातल्या घरात होतं तोवर ठीक होतं. ते बाहेर गेलं किल्ल्याच्या बागेतून. भावजी रोज सकाळी तिथं फिरायला जातात. हल्ली लग्नाच्या आधीच नवरा-नवरीचं सिनेमासारखं शूटिंग करतात आणि लग्नाच्या दिवशी मोठ्या पडद्यावर पाहुण्यांना दाखवतात. प्रीवेडिंग म्हणतात त्याला. लग्न आईबापांनी जमवलेलं, दोघं एकमेकांना पोह्याच्या बशीवरून एकदा बघितलेली, आणि पडद्यावर बघावं तर जन्माजन्माचं प्रेम! त्या दिवशी बागेत इम्रान नावाचा स्टुडिओवाला असंच एक जोडपं पळवत होता. मुलीच्या अंगात जमिनीवर लोळणारा झगा, मुलगा कोटात, आणि दोघं हातात हात घालून घामाघूम.

"थांब!" भावजी ओरडले. बागेतली कबुतरं उडाली. "ती दोघं कशापायी पळायलीत? मागं कुत्रं लागलंय का?"

इम्रान म्हणाला, "क्या चाचा, प्यार में भागते ना."

"कुटं भागतेत? प्रेमात माणूस हाय तितं थांबतंय. घरी जायाचं असतंय, आई वाट बघत असती, आणि पाय उचलत न्हाय. ते दाव की!"

दुसरा एखादा असता तर हसून सोडून दिलं असतं. इम्राननं ऐकलं. मुलीला त्यानं बागेच्या फाटकात उभं केलं, एक पाय आत, एक बाहेर. बास, एवढंच. ते चित्र पडद्यावर बघून त्या मुलीची आई म्हणे एवढी रडली की तिला खुर्चीतून उठवायला दोघी लागल्या. तेव्हापासून इम्रान त्याच्याकडं आलेल्या प्रत्येक जोडप्याला सांगतो, "पैले चाचा से इस्टोरी लेके आव."

मग काय! भावजींकडं लग्न ठरलेल्या पोरापोरींची रीघ लागली. हे एखाद्या वैद्यासारखे पोराला विचारणार, "काय करतोस? गाडी कंची? आईला भितोस का?" पोरीला विचारणार, "कामावरनं कुटल्या वाटेनं येतीस?" आणि त्यातून गोष्ट काढून देणार. गोष्ट आधी माझ्यावर चालवून बघायची, ही त्यांची पद्धत. मी भाकरी थापत असते, हे चुलीपाशी उभे राहून सांगत असतात. मी 'मग?' म्हटलं की गोष्ट चालली, आणि भाकरी उलटायला वळले की ते समजतात इथं ढिली पडली. मागाचंच गणित ते इकडं लावतात. "उभा धागा ढिला पडला तर कापड होत न्हाय, वहिनी. लई ताणला तर तुटतंय. तुटायच्या जरा अलीकडं ठेवायचा, आणि तितं हात धरून उभं ऱ्हायाचं." 'माझं तुझ्यावर प्रेम आहे' हे वाक्य त्यांच्या गोष्टीत कुणी म्हणायचं नाही. म्हटलं की धागा सुटला, गोष्ट खलास. म्हणायच्या ऐवजी काहीतरी करायचं. आणि करायचं तेही लहान. "ताजमहाल बांधला तर लोक टाळ्या वाजवतेत. रडत न्हाईत."

मी एकदा त्यांना विचारलं, "भावजी, नातवंडं झालेल्या बाया त्या परक्या पोरापोरींकडं डोळे लावून काय बसतात? त्यांना काय मिळतं त्यात?"

ते म्हणाले, "जेवलेल्या माणसाला वास येत न्हाय, वहिनी. उपाशी माणसाला गल्लीच्या टोकावरनं फोडणी कळती. हितं कोन जेवलंय पोटभर? तुमी जेवलाव का?"

मी म्हटलं, "मी सगळ्यांचं झाल्यावर जेवते, आणि पोटभर जेवते."

तर अशात कोमलचं लग्न ठरलं. कोमल रक्त तपासायच्या लॅबमध्ये कामाला. मुलगा सचिन, मोहोळचा, बापाचं खत-औषधांचं दुकान आहे, तिथं बसतो. स्थळ आणलं ते करकंबच्या मामानं, म्हणजे माझ्या सुनेच्या भावानं. मामा ऊसवाला गडी, आवाज मोठा, मन त्याहून मोठं, आणि ह्याआधी आयुष्यात त्यानं एकही लग्न जमवलेलं नव्हतं. त्यामुळं हे जमल्यावर तो करकंबातल्या प्रत्येक दुकानात जाऊन सांगून आला होता, "एक नजर टाकली पोरावर, म्हणलं हेच आपल्या कोमलला." भावजींच्या तर अंगात आलं. घरची नात! म्हणाले, "वहिनी, आजवर केलं ते हात बसवायला केलं. आता बघा."

आणि गोष्ट केली, ती अशी. भर उन्हाळ्यात, दुपारच्या वेळी एक मुलगी कामावरून बाहेर पडते. तिची स्कुटी उन्हात. सोलापूरचं ऊन आणि स्कुटीची काळी सीट म्हणजे काय, ते ज्याचं त्याला माहीत. ती बोट लावून बघते, बाटलीतलं पाणी सीटवर ओतते, ओढणीची घडी घालून कशीबशी बसते आणि जाते. समोर चहाच्या गाड्यावर एक मुलगा बसलेला असतो. दुसऱ्या दिवशी ती बाहेर येते, तर स्कुटी लिंबाच्या सावलीत, आणि सीटवर पांढरा ओला टॉवेल घातलेला. ती इकडं तिकडं बघते. कोणी नाही. रोज असंच. मग एक दिवस ती बाहेर येते तर स्कुटी उन्हात. टॉवेल नाही, गाड्यावर कोणी नाही. ती सीटला हातही लावत नाही, नुसती उन्हात उभी राहते. आणि मग शेवट. तिच्या घरी बघायला पाहुणे येतात, ती खाली मान घालून पोहे घेऊन येते, आणि समोर बसलेल्या मुलाच्या खांद्यावर पांढरा टॉवेल!

मी भाकरी थापता थापता ऐकलं. तीन वेळा 'मग?' म्हटलं, एवढं कबूल करते.

शूटिंगमध्ये सचिनचे हाल झाले. स्कुटीचं हँडल लॉक केलेलं असतं. इम्रान म्हणाला, "चाचा, लॉक रहता ना! सावली में कैसा लेता?" भावजी म्हणाले, "उचलून घेतो. प्रेम हाय का गंमत हाय?" सचिननं बिचाऱ्यानं ती गाडी इतक्या वेळा उचलली की दुसऱ्या दिवशी दुकानात उभं राहवेना. वर भावजींचा ओरडा. "तिच्याकडं बघू नको! गाडीकडं बघ! तिच्याकडं बघायचं काम लोकांचं!" आधी तो पोरगा तोंड उघडलं की कीड आणि फवारणी एवढंच बोलायचा. उन्हात दिवसभर उभा राहून तो कोमलला म्हणाला, "तुम्हाला ऊन लागत असेल ना?" भावजी लांबून ओरडले, "हे आपल्या गोष्टीत न्हाय! गप ऱ्हा!" शेवटचा पोहे खायचा भाग आमच्याच पुढच्या खोलीत घेतला, त्याच खुर्च्या, त्याच बशा. झाल्यावर भावजींनी फर्मान काढलं की लग्नाच्या दिवसापर्यंत ही फिल्म घरातल्या कोणीही बघायची नाही. आधी बघितली की रडू येत नाही म्हणे. तिथंच सगळं चुकलं.

लग्नाच्या दिवशी मुहूर्ताला जरा अवकाश होता. इम्राननं पडदा लावला. पंखे गरगरत होते, पाहुणे पत्रिकेनं वारा घेत होते, पोरं खुर्च्यांमधून पळत होती. स्कुटी सावलीत आली तशी पोरं बसली. टॉवेल नाही आणि कोमल उन्हात उभी, हे आलं तेव्हा वाढपी भांडी ठेवून दारात उभे राहिले. सचिनच्या आजीनं माझा हात धरून एवढा दाबला की बांगडी रुतली. आणि शेवटी टॉवेल दिसला खांद्यावर! काय हलकल्लोळ झाला! बायका पदर डोळ्यांना लावून हसत होत्या, शिट्ट्या काय, टाळ्या काय! रडली नाही अशी बहुधा मी एकटीच. भावजी खांबाला टेकून पडद्याकडं नव्हे, लोकांच्या तोंडाकडं बघत होते.

आणि मामा उठला. डोळे त्याचेही लाल होते, रडला होता चांगला. पण रडून झाल्यावर माणूस विचार करतो.

"म्हंजे हे आधीपास्नंच हुतं?" तो म्हणाला. "मी स्थळ आणायच्या आधीपास्नं? म्हंजे मी मोहोळला जाऊन पाया पडलो, बैठक केली, ती सगळी फुकट? ह्या दोघांचं ठरल्यालं, आणि मला फुडं करून येडं बनवलं? करकंबात मी काय तोंड दावू?" तो ताडताड बाहेर गेला. ते ऐकून सचिनचा बापही सचिनकडं वळला. "तू रोज सोलापूरला माल आणायला जातो म्हणत होतास, ते हेच का रं?" सचिन मुंडावळ्यांच्या मागून नुसता "नाही ओ, नाही ओ" करत राहिला. बायका म्हणत होत्या, असलं तर असलं, काय बिघडलं? पुरुष म्हणत होते, आम्हाला का सांगितलं नाही? माझा मुलगा घामानं भिजला होता. सून रडत होती, आणि आता ते रडणं गोष्टीचं नव्हतं.

मी भावजींना दंडाला धरून जीपपाशी नेलं. म्हटलं, "तुमी केलंय, तुमी निस्तरा. खोटं हाय म्हणून सांगा."

भावजींनी काचेवर टकटक केली आणि ओरडायला सुरुवात केली. "मामा, खोटं हाय सगळं! मी रचलंय!"

काच बोटभर खाली आली. "खोटं? मग माझ्या डोळ्यांत पानी आलं ते काय खोटं हुतं?"

"ते लिंबाचं झाड लॅबपाशी न्हायच, मामा. ते कलेक्टर कचेरीच्या मागलं हाय. चहाचा गाडा भाड्यानं आणला. पोरगं चहा पीतच न्हाय."

"आणि ती उन्हात उभी ऱ्हायली, रडकुंडीला आली, ते?"

आता कोणीही शहाणा माणूस म्हणाला असता, ते नाटक. पण भावजींना कुणी गोष्टीतलं विचारलं की त्यांचा ताबा सुटतो. "ते व्हय? त्येचं आसं हाय मामा, तिला सीट तापल्याचं दुःख न्हाय. तापलेली सीट तिनं जन्मभर सोसलीया. पण एकदा कुणीतरी सावलीत लावली ना, की दुसऱ्या दिवशीचं ऊन दुप्पट लागतंय..."

काच अर्धी खाली आली. मामानं नाक ओढलं. "मग? तिला कवा कळलं त्योच हाय म्हणून?"

"कळलं कुटं! तीच तर गंमत हाय की!"

मी भावजींना मागं ओढलं. खोटं पटवायला गेलेला माणूस ते आणखी खरं करून ठेवत होता! मामानं डोळे पुसले आणि परत काच वर केली. "न्हाय मावशी," आतून तो मला म्हणाला, "एवढं कुणाला रचता येत न्हाय. हे झाल्यालंच हाय."

तेवढ्यात मागून बांगड्यांचा आवाज आला. कोमल. शालू हातानं वर धरून, अनवाणी, पाय भाजत होते म्हणून उड्या मारत येत होती. नवरी मुहूर्ताआधी अशी बाहेर आलेली मी जन्मात बघितली नव्हती. "आजी, सरक," म्हणाली. मी सरकले.

"मामा, काच खाली घ्या. ती बघा माझी गाडी."

तिची स्कुटी जीपच्या शेजारीच होती. सकाळपासून फुलं आणायला, बर्फ आणायला तीच पिटाळली होती आणि मग कुणीतरी तिथंच भर उन्हात टाकली होती. शेजारी मांडवाच्या कापडाची ही एवढी सावली पडलेली, तिथं रिकामी जागा.

"नवरदेव सकाळी नऊपासून इथं आहेत," कोमल म्हणाली. "येता-जाता तीनदा ह्या गाडीच्या शेजारून गेलेत. खाली उतरा आणि सीटला हात लावा."

मामा उतरला. त्यानं आपला पंजा सीटवर ठेवला.

"आयायाय! आगं आयऽऽ!"

"लागली?"

"लागली म्हंजे? भाकरी भाजंल हिच्यावर!"

"रोज माझी गाडी सावलीत लावणारा माणूस लग्नाच्या दिवशी उन्हात ठेवील का? मामा, कुणी कधी लावली नाही माझी गाडी सावलीत. लावली असती तर मी लपवलं असतं होय? गावभर मिरवलं असतं. पहिलं तुम्हाला सांगितलं असतं."

मामा आपल्या लाल पंजाकडं बघत राहिला. मग त्याच्या तोंडावर हळूहळू उजेड पडला. "म्हंजे ह्या पोराला हिची काय पडलेलीच न्हाय!"

"नाही," कोमल म्हणाली.

"वळखबी न्हाय, पाळखबी न्हाय?"

"तुम्ही आणलं म्हणून बघितलं. नाहीतर मोहोळ मी फक्त बोर्डावर वाचलं होतं."

मामानं तिच्या डोक्यावरून हात फिरवला, तिचा हात धरला आणि हॉलच्या दारातून तो भावजींपेक्षा मोठ्यानं ओरडत आत गेला, "प्रेमबीम कायबी न्हाय! मी हात लावून बघिटलो! लावा लगीन!"

आणि लोकांनी काय करावं? जी माणसं घटकेपूर्वी प्रेमासाठी रडत होती, ती प्रेम नाही म्हणून आनंदानं टाळ्या वाजवायला लागली. सचिनच्या बापानं मामाला मिठी मारली. वाजंत्री सुरू झाली. अंतरपाटाच्या त्या अंगाला सचिन उभा होता. आपल्याला निर्दोष ठरवलं का नालायक ठरवलं, ते त्याला कळत नव्हतं. भटजींनी मंगलाष्टका अशा काही पळवल्या की शेवटच्या ओळीला मुहूर्त धरूनच दाखवला. मामा नवरीच्या पाठीशी छाती काढून उभा होता, पंजाला ओला रुमाल गुंडाळून.

भावजी शेवटच्या पंगतीला बसले. सगळे येता-जाता त्यांना म्हणत होते, "काय काका, थोडक्यात वाचलाव! सिद्ध झालं खोटं!" हे मान हलवत होते. मी बुंदी वाढायला गेले तर मला खालच्या आवाजात विचारलं. त्यांचा खालचा आवाज मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. "वहिनी, तुमी रडलाव का?"

"न्हाय."

"एकदाबी न्हाय?"

"न्हाय, भावजी."

"मग कुटंतरी ढिलं ऱ्हायलंय," असं म्हणून ते बुंदी खायला लागले. थोड्या वेळानं म्हणाले, "पोरगी बोलली ते ऐकलाव का? लावली असती तर मिरवलं असतं म्हणाली. आसं वाक्य मला सुचलं न्हाय बघा."

तिथं मी त्यांना ते विचारलं, जे इतक्या वर्षांत कधी विचारलं नव्हतं. म्हटलं, "तुमच्या मनात कधी कोन होतं का? खरं सांगा."

त्यांनी खरंच आठवून बघितलं. घास हातात धरून. "न्हाय वहिनी," म्हणाले, "कोनच नव्हतं. असतं तर एकच गोष्ट रचली असती, आणि गप बसलो असतो."

मला वाटलं होतं निघेल काहीतरी. निघालं नाही. मी त्यांना आणखी एक पळी बुंदी वाढली आणि पुढच्या पानाकडं गेले.

कोमल मोहोळला सुखात आहे, तिला आता सातवा लागलाय. मामा करकंबात अजून सांगतो की हे लग्न आपण जमवलं, आणि ते खरंच आहे. इम्रानकडं पोरं येतात. 'गोष्ट काल्पनिक आहे' अशी पाटी तो आता आधी लावतो, आणि पाटी वाचूनही बायका रडतात. भावजींचा दुसरा कानही चाललाय. संध्याकाळी येतात, चुलीपाशी उभे राहतात आणि नवी गोष्ट सांगतात. मी 'मग?' म्हटलेलं त्यांना आता ऐकू येत नाही, म्हणून मी मान वर करून बघते. सासूबाई गेल्या, माझे मालक गेले, मधले दीर-जाऊ गेले. आमच्या पिढीतली त्या लग्नाला दोघंच होतो, आणि अजून दोघंच आहोत. मी आणि माझा धाकटा दीर.